मार्कोस राजवटीतील फिलिपिनो ‘बोल्ड’ चित्रपट कसे समजून घ्यावेत?

प्रश्न: वसुधा, जुळे सोलापूर

नमस्कार. आमच्या भागातील काही चित्रपटप्रेमी मंडळी दर महिन्याला एकत्र येऊन आशियातील एखाद्या देशाचे चित्रपट पाहतात आणि नंतर त्यांवर चर्चा करतात. पुढील महिन्यासाठी फिलिपिन्सची निवड झाली असून प्रास्ताविक टिपण लिहिण्याचे काम माझ्याकडे आले आहे. लिनो ब्रोका आणि इश्माएल बेर्नाल या दिग्दर्शकांविषयी वाचू लागले, तेव्हा त्यांच्या नावांच्या आगेमागे सतत ‘बोंबा’ आणि ‘बोल्ड’ चित्रपटांचा उल्लेख येऊ लागला. 1970 च्या आसपास सुरू झालेली आणि 1980 च्या दशकाच्या मध्यापर्यंत रूप बदलत टिकून राहिलेली ही प्रौढांसाठीच्या चित्रपटांची लाट आहे, एवढे ध्यानात आले.

मला पडलेला प्रश्न असा, की फर्डिनांड मार्कोस यांनी 1972 मध्ये मार्शल लॉ पुकारला, वृत्तपत्रे बंद केली, विरोधकांना तुरुंगात टाकले आणि ‘नव्या समाजा’ची शिस्त शिकवली. अशा राजवटीत हे चित्रपट निघाले कसे आणि चालले कसे? आपल्या शहराने 1930 मध्ये मार्शल लॉ भोगला आहे आणि चार हुतात्म्यांची आठवण येथे घरोघरी आहे; परंतु तो परक्यांचा अंमल होता. मतदानाने दोनदा निवडून आलेल्या अध्यक्षानेच आपल्या लोकांवर लादलेल्या मार्शल लॉमध्ये पडद्याला एवढी मोकळीक कशी मिळाली, हे मला उमगत नाही. आमच्यातील एका ज्येष्ठ सदस्यांचे म्हणणे आहे, की लोकांचे लक्ष विचलित करण्यासाठी सरकारने दिलेली ती अफू होती. दुसऱ्या एकाच्या मते तो बंडाचाच एक प्रकार होता. यांतील काही चित्रपट आमच्या गटात दाखवावेत का आणि दाखवायचे झाल्यास कोणते, हेही जाणकारांनी सांगावे. आमच्या गटात स्त्रिया आणि पुरुष दोन्ही आहेत आणि सर्व जण प्रौढ आहेत.

उत्तर: अविनाश, होटगी रोड

वसुधाताई, आपल्या दोन्ही सदस्यांचे म्हणणे अर्धे अर्धे बरोबर आहे, पण ते वेगवेगळ्या वर्षांविषयी बोलत आहेत. त्या सोळा-सतरा वर्षांचा एकच गठ्ठा बांधला की घोटाळा होतो, म्हणून थोडे क्रमाने लिहितो.

दुसऱ्या महायुद्धानंतर फिलिपिन्समध्ये एलव्हीएन, साम्पागिता आणि प्रीमिअर या तीन मोठ्या स्टुडिओंचे राज्य होते. नटनट्या करारावर, कथा सोज्ज्वळ, वर्षाकाठी ठरावीक चित्रपट असा त्यांचा कारभार होता. 1960 च्या दशकात ही व्यवस्था मोडली. कामगारांचे तंटे झाले, नामवंत नट स्वतःच निर्माते बनले आणि ज्यांच्या खिशात जेमतेम एका चित्रपटाचे भांडवल आहे असे असंख्य छोटे निर्माते बाजारात उतरले. अशा निर्मात्याला पहिल्याच आठवड्यात पैसा वसूल व्हावा लागतो. 1970 मध्ये आलेला, मेर्ले फर्नांडेझ यांची भूमिका असलेला ‘उहाव’ हा सर्वसाधारणपणे पहिला बोंबा चित्रपट मानला जातो आणि त्याच्या यशानंतर पाठोपाठ रांग लागली. त्याच वर्षी जानेवारी ते मार्च या काळात मनिलाच्या रस्त्यांवर विद्यार्थ्यांची प्रचंड आंदोलने झाली. शिस्त, अदब, वडीलधाऱ्यांचा आणि चर्चचा धाक हे सारे एकदमच सैल झाले होते आणि त्या सैलपणातून रस्त्यावर घोषणा व पडद्यावर उघडी शरीरे अशी दोन्ही दृश्ये एकाच वेळी उमटली.

येथे एक प्रसंग सांगण्याचा मोह आवरत नाही, कारण त्या राजवटीची नीती त्यातून लख्ख दिसते. मार्कोस यांच्या युद्धकाळातील कथित पराक्रमावर एक चित्रपट काढायचे ठरले आणि त्यासाठी डव्ही बीम्स नावाची अमेरिकी अभिनेत्री मनिलात आली. तिचे आणि अध्यक्षांचे संबंध जुळले आणि तिने गुपचूप केलेली ध्वनिमुद्रणे पुढे बाहेर आली. फेब्रुवारी 1971 मध्ये विद्यार्थ्यांनी फिलिपिन्स विद्यापीठाचा दिलिमान परिसर ताब्यात घेतला, तेव्हा त्यांनी विद्यापीठाच्या रेडिओवरून ती मुद्रणे ऐकवली. पुढच्याच वर्षी हीच राजवट लोकांना सदाचाराचे धडे देऊ लागली.

सप्टेंबर 1972 मध्ये मार्शल लॉ आला आणि बोंबा चित्रपट जवळपास रातोरात नाहीसे झाले. सेन्सॉर मंडळ कडक झाले. चित्रीकरणापूर्वी पटकथा दाखवणे बंधनकारक झाले. पण बाजार वाट काढतोच. 1974 मध्ये सेल्सो आद कास्तियो यांनी ग्लोरिया दियाझ यांना घेऊन एक चित्रपट केला. या बाई 1969 च्या मिस युनिव्हर्स. तो मान मिळवणाऱ्या पहिल्याच फिलिपिनो. त्यांचे नाव राष्ट्राच्या अभिमानाशी जोडले गेले होते. चित्रपटात त्या पूर्ण वस्त्रात आहेत, मात्र ते वस्त्र पातळ आणि समुद्राच्या पाण्याने भिजलेले आहे. नग्नता नाही, त्यामुळे कात्री कशावर चालवायची, हा सेन्सॉरपुढे पेच. या युक्तीची पुढे एवढी नक्कल झाली, की भिजलेल्या वस्त्रातील नायिका हा काही वर्षे स्वतंत्र प्रकारच होऊन बसला.

आता मुख्य मुद्दा. अध्यक्षांच्या पत्नी इमेल्डा मार्कोस या सत्य, शिव आणि सुंदर यांची भाषा सतत करीत आणि देशाचे चित्र सुंदरच दिसले पाहिजे असा त्यांचा आग्रह असे. त्यामुळे सेन्सॉरचा खरा डोळा शरीरापेक्षा झोपडपट्टीवर अधिक होता. बेर्नाल यांचा 1980 चा ‘मनिला बाय नाइट’ पाहा. टॅक्सीचालक, मसाज पार्लरमधील आंधळी मुलगी, अमली पदार्थ विकणारी तरुणी, परिचारिका असल्याची बतावणी करणारी स्त्री अशी कितीतरी माणसे एका शहराच्या रात्रीत एकमेकांना भेटतात, फसवतात आणि सांभाळतातही. या चित्रपटाच्या शीर्षकातून आणि संवादांतून ‘मनिला’ हे नावच काढून टाकायला लावले. ‘सिटी आफ्टर डार्क’ या नावाने तो प्रदर्शित झाला आणि बर्लिनच्या महोत्सवाला पाठवण्यास परवानगी नाकारली गेली. कामवासना दाखवली तर ती काही प्रमाणात खपवून घेतली जाई. ती कोणत्या शहरात, कोणत्या दारिद्र्यात घडते हे सांगितले की कात्री बाहेर येई. हे ध्यानात घेतले की पुढचे सगळे उलगडते.

1982 मध्ये सरकारनेच ‘एक्सपेरिमेंटल सिनेमा ऑफ द फिलिपिन्स’ ही संस्था स्थापन केली. तिने ‘हिमाला’ आणि ‘ओरो, प्लाता, माता’ यांसारख्या श्रेष्ठ चित्रपटांना पैसा दिला, हे तिच्या बाजूने नोंदवलेच पाहिजे. पण त्याच सुमारास मनिलाच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवासाठी घाईघाईने उभारलेल्या मनिला फिल्म सेंटरची कथा वेगळी आहे. नोव्हेंबर 1981 मध्ये बांधकामाचा सांगाडा कोसळून तेथे कामगार गाडले गेले आणि मृतांचा आकडा आजही वादग्रस्त आहे. ऑगस्ट 1983 मध्ये मार्कोस यांचे प्रमुख विरोधक बेनिग्नो अकिनो यांची विमानतळावर हत्या झाली, अर्थव्यवस्था ढासळली, सरकारला पैशांची चणचण भासू लागली आणि या सेंटरला सेन्सॉरमधून मिळालेली सूट पूर्णपणे वापरली जाऊ लागली. बाहेर कापले जाणारे चित्रपट आत अखंड दाखवले जात आणि लोक तिकिटांसाठी रांगा लावत. अफूचा आरोप या तीन वर्षांना लागू पडतो. बंदी घालणारे आणि गल्ल्यावर बसलेले हात तेव्हा एकच होते.

आणि नेमक्या याच फटीतून काही दिग्दर्शकांनी आपले काम करून घेतले. पेके गालागा यांचा 1985 चा ‘स्कॉर्पिओ नाइट्स’ हे त्याचे सर्वांत ठसठशीत उदाहरण. मनिलातील एक जुनाट, दाटीवाटीचे लाकडी घर. वरच्या मजल्यावर भाडेकरू विद्यार्थी. खालच्या खोलीत एक सुरक्षारक्षक आणि त्याची पत्नी. रक्षक रात्री उशिरा कामावरून येतो, जेवतो, दिवा घालवतो आणि पत्नी जागी आहे की झोपेत याची फिकीर न करता तिच्याजवळ जातो. हा क्रम रोजचा, एखाद्या यंत्रासारखा. वरचा विद्यार्थी फळ्यांच्या फटीतून हे पाहत असतो आणि एके रात्री रक्षकाच्या जागी तोच खाली उतरतो. शेवट रक्तपातात होतो. हा चित्रपट उत्तेजक आहे, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण त्यातली हवा पाहा: घाम, दमटपणा, एकमेकांच्या भिंतींना चिकटलेली बिऱ्हाडे, काहीही न करता नुसती पाहत बसलेली तरुण पिढी आणि गणवेशातला, बंदूक बाळगणारा, थकलेला माणूस. राजवट कोसळण्याच्या आदल्या वर्षीचे मनिला याहून नेमके क्वचितच कुणी टिपले असेल.

उत्तर: केबिनमधला माणूस, अशोक चौक

अविनाश सरांनी इतिहास उत्तम मांडला आहे. मी सिनेमागृहात प्रोजेक्टर चालवण्याचे काम बरीच वर्षे केले, त्यामुळे एका गोष्टीकडे लक्ष वेधावेसे वाटते. सेन्सॉरने पाहिलेला चित्रपट आणि प्रेक्षकांनी पाहिलेला चित्रपट एकच असतो, असे गृहीत धरू नये.

बोंबाच्या काळात फिलिपिन्समधील सिनेमागृहांत मंजूर झालेल्या चित्रपटाच्या मध्ये वेगळीच, अधिक उघडी दृश्ये जोडून दाखवली जात, हे तेथील अभ्यासकांनी नोंदवले आहे. आपल्याकडे हा प्रकार नव्हता, असे कुणी म्हणू नये. मिलचे भोंगे वाजत होते तेव्हाची गोष्ट आहे. रातपाळी संपवून काही कामगार सरळ सकाळच्या खेळाला येत. त्यांतले निम्मे पंख्याखाली झोपण्यासाठीच तिकीट काढत. मी ज्या सिनेमागृहात तेव्हा उमेदवारी करीत होतो, तेथे अशा इंग्रजी चित्रपटांबरोबर कधी कधी एक लहानसा डबा निराळा येई. त्यात दोन-तीन मिनिटांचा तुकडा असे आणि त्याचा मूळ कथेशी काडीचा संबंध नसे. रिळाचे टोक ब्लेडने खरवडायचे, फिल्म सिमेंट लावायचे, दोन्ही टोके दाबून धरायची आणि खेळ संपला की तो तुकडा पुन्हा काढून ठेवायचा. पडद्यावर चेहरे बदलत, खोली बदले, फिल्मचा रंगसुद्धा बदले. पण प्रेक्षागृहातून एकही तक्रार येत नसे. पुढच्या गावी प्रिंट जाईपर्यंत त्या सांध्यांजवळ इतक्या चौकटी गळालेल्या असत, की मूळ चित्रपटातील चांगली दृश्येही अर्धवट तुटत.

हे सविस्तर सांगण्याचे कारण असे, की त्या काळातील एखाद्या चित्रपटावर निकाल देताना आपल्या हाती आलेली प्रत दिग्दर्शकाची आहे, सेन्सॉरची आहे की सिनेमागृहाच्या मालकाची आहे, याचा विचार करावा लागतो. त्यातही फिलिपिन्सची हवा आपल्याहून कितीतरी दमट, तेथे प्रतींची निगाही नीट राखली गेली नाही आणि त्या काळातील कितीतरी चित्रपटांच्या निगेटिव्ह कायमच्या गेल्या. जे उरले, ते बहुतेक नामवंतांचे. त्यामुळे आपण सगळे ज्या लाटेविषयी बोलत आहोत, तिचा मोठा भाग आता कुणालाच पाहता येणार नाही.

उत्तर: प्राजक्ता, सात रस्ता

वरील दोन्ही उत्तरे मी मन लावून वाचली. काकांनी सांगितलेली रिळांची हकिकत तर फार मोलाची आहे. तरीही अविनाश सरांच्या मांडणीत मला एक उणीव जाणवते आणि ती स्पष्टपणे नोंदवते. बंड केले दिग्दर्शकांनी, कात्री चालवली सेन्सॉरने, पैसा केला सरकारने आणि निर्मात्यांनी. ज्यांच्या शरीरावर हे सारे उभे राहिले, त्या स्त्रिया या हिशेबात कोठे आहेत?

1980 च्या दशकाच्या आरंभी एका व्यवस्थापकाने काही कोवळ्या वयाच्या मुलींना थंड पेयांची नावे देऊन चित्रसृष्टीत उतरवले. पेप्सी पालोमा ही त्यांपैकी एक. नाव पेयाचे, चेहरा पोस्टरवर आणि आयुष्य इतरांच्या हाती. 1985 मध्ये, वयाची विशीही न गाठता, तिचा मृत्यू झाला. तो आत्महत्या म्हणून नोंदला गेला आणि त्याविषयीचे वाद तेथे अजून शमलेले नाहीत. त्या वर्षीच्या पडद्यावरील धाडसाचे कौतुक करताना त्याच वर्षीची ही नोंद शेजारी ठेवली नाही, तर टिपण अपुरे राहील.

याचा अर्थ सर्वच चित्रपट टाकाऊ आहेत, असे मी म्हणत नाही. कास्तियो यांचाच 1977 चा ‘बर्लेस्क क्वीन’ पाहावा. विल्मा सांतोस यांनी रंगवलेली नायिका अपंग वडिलांना पोसण्यासाठी नाचाच्या रंगमंचावर येते. अखेरच्या नृत्यात खाली बसलेले पुरुष आरोळ्या ठोकत असतात, ती थांबत नाही आणि त्या नाचातच तिचा गर्भपात होतो. कॅमेरा बराच वेळ तेथून हलत नाही. सुरुवातीला त्या प्रेक्षकांबरोबर आपणही तिच्याकडे पाहत असतो आणि पुढे त्यांच्यात बसल्याचीच लाज वाटू लागते. मेट्रो मनिला महोत्सवात या चित्रपटाला पुरस्कार मिळाले आणि त्यांवरून मोठे वादळही उठले. तो सर्वस्वी निर्दोष चित्रपट नाही. पाहणाऱ्याला दोषी ठरवताना तो पाहण्याची सोयही करून देतो. पण त्याच्यावर चर्चा होऊ शकते आणि आपल्या गटाला तेच हवे आहे.

आणखी एक. त्याच काळात स्त्री दिग्दर्शकही काम करीत होत्या, हे पुष्कळदा विसरले जाते. मारिलू दियाझ-आबाया यांनी ‘ब्रुटाल’ (1980), ‘मोराल’ (1982) आणि ‘कार्नाल’ (1983) हे तीन चित्रपट केले. तिन्हींचे लेखन रिकी ली यांचे. ‘ब्रुटाल’मध्ये नवऱ्याच्या आणि त्याच्या मित्रांच्या खुनाच्या आरोपाखाली असलेली, तोंडातून शब्दही न काढणारी तरुणी आहे आणि तिच्या मौनामागे काय घडले, याचा शोध घेणारी एक स्त्री पत्रकार आहे. लोरीस गियेन यांचा ‘सालोमे’ 1981 चा. एकाच खुनाची हकिकत तो निरनिराळ्या तोंडून सांगतो. वासना आणि हिंसा यांचाच विषय, बाजारही तोच, सेन्सॉरही तेच. परंतु कॅमेरा कोठे ठेवायचा, याचा निर्णय निराळा. आपल्याकडे 1972 मध्ये तेंडुलकरांच्या ‘सखाराम बाइंडर’वरून रंगभूमीवर जो गदारोळ उठला आणि प्रकरण न्यायालयात गेले, तेव्हाही लक्ष्मी आणि चंपा यांना काय वाटते यापेक्षा अश्लीलतेचीच चर्चा अधिक झाली. फिलिपिन्सच्या बाबतीत आपण तसे करू नये, एवढीच विनंती.

वसुधा, जुळे सोलापूर

तिघांचेही मनापासून आभार. प्राजक्ताताईंच्या आक्षेपामुळे टिपणाचा आराखडा बदलावा लागेल आणि तो बदलणे योग्यच आहे. दोन शंका उरल्या आहेत. ब्रोका यांचा ‘इन्सियांग’ या लाटेत मोजावा का? आणि 1986 मध्ये मार्कोस यांना देश सोडावा लागला, त्यानंतर हे चित्रपट थांबले का?

अविनाश, होटगी रोड

प्राजक्ताताईंचा आक्षेप मला पूर्णपणे मान्य आहे आणि ‘ब्रुटाल’ यादीत यायलाच हवा.

‘इन्सियांग’ (1976) या लाटेत मोजू नये, पण तिच्या शेजारी ठेवून अवश्य पाहावा. मनिलाच्या तोंदो भागातील वस्ती, आई, मुलगी आणि आईचा तरुण प्रियकर. त्याने मुलीवर केलेला बलात्कार आणि मुलीने थंड डोक्याने घेतलेला सूड. आरंभीच कत्तलखान्यातील डुकरांची दृश्ये आहेत. विषय पराकोटीचा प्रौढ, तरीही शरीर विकण्यासाठी दाखवलेले नाही. 1978 मध्ये तो फ्रान्समधील कान महोत्सवात डायरेक्टर्स फोर्टनाइट या समांतर विभागात दाखवला गेला आणि त्या महोत्सवात पोहोचलेला तो पहिला फिलिपिनो चित्रपट ठरला. त्याची दुरुस्त केलेली उत्तम प्रत उपलब्ध आहे.

चित्रपट थांबले नाहीत. ऑक्टोबर 1985 मध्येच चित्रपट आणि दूरचित्रवाणी यांच्या वर्गीकरणासाठी नवे मंडळ आले होते. ते पुढेही राहिले. फिल्म सेंटरचा आडोसा गेला, व्हिडिओ कॅसेट आली आणि 1990 च्या दशकात हाच माल अधिक स्वस्त, अधिक घाईचा होऊन परतला. ब्रोका यांनी 1988 मध्ये ‘माचो डान्सर’ केला आणि 1991 मध्ये मोटार अपघातात ते गेले. अलीकडे, 2021 पासून, तेथे मुख्यतः अशा चित्रपटांवर चालणारी एक ऑनलाइन सेवा जोरात आहे आणि 2022 मध्ये तिने ‘स्कॉर्पिओ नाइट्स’चा तिसरा भागही काढला.

गटासाठी माझी सूचना अशी: पहिल्या बैठकीत ‘इन्सियांग’, दुसऱ्या बैठकीत ‘ब्रुटाल’ आणि ‘मनिला बाय नाइट’. ‘स्कॉर्पिओ नाइट्स’ ठेवायचाच असेल तर वेगळ्या दिवशी, सर्वांना आशय आधी सांगून आणि ज्यांना यायचे नाही त्यांना कारण न विचारता ठेवावा. सभागृह भाड्याने घेऊन जाहीर खेळ करणार असाल तर आपल्याकडील प्रमाणपत्राचा प्रश्न येतो. तेव्हा कुणाच्या तरी घरीच बसावे, हे बरे. आणि काकांनी प्रतींविषयी जे सांगितले, ते विसरू नये. ‘मनिला बाय नाइट’ची पूर्ण लांबी अडीच तासांच्या आसपास आहे. हाती आलेली प्रत त्याहून बरीच आखूड असेल किंवा पात्रांच्या तोंडी शहराचे नाव येण्याच्या जागी आवाज तुटत असेल, तर ती सेन्सॉरची प्रत समजावी आणि दुसरी मिळेपर्यंत खेळ पुढे ढकलावा.